डेन्मार्कची नटी आणि आमची आक्का

आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक निवृत्त प्राध्यापक राहतात. सगळी गल्ली त्यांना सर म्हणते, मीही म्हणते. त्यांचा एक फिल्म क्लब आहे. हॉल घेऊन परदेशातले सिनेमे दाखवतात. गेल्या हिवाळ्यात त्यांनी डेन्मार्कच्या एका नटीचे पाच सिनेमे ओळीनं पाच संध्याकाळी लावले, आणि दारात येऊन मला म्हणाले, "मावशी, तुम्ही स्टुडिओत काम केलेलं माणूस. तुम्हीच नाही आलात तर मी हे लावायचं कुणासाठी?"

मी म्हटलं, "अहो सर, मी बायकांच्या वेण्या घालत होते. त्याला सिनेमात काम केलं म्हणत नाहीत."

पण मनातून हुरळले, खोटं कशाला बोलू. सर जिना उतरायच्या आधी मी आक्काला फोन लावला होता.

ही आक्का कोण ते आधी सांगते, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. आक्का माझी सख्खी बहीण नव्हे. नेसरीकडची शेतकऱ्याची पोर, माझ्याहून चार वर्षांनी मोठी. मामाकडं कोल्हापूरला आली आणि कुणीतरी हाताला धरून तिला स्टुडिओत आणली. रंग सावळा, कपाळ मोठं, आणि डोळे असे की कॅमेऱ्यावरचा माणूससुद्धा काम विसरून बघत बसायचा. मी तिथं आईच्या हाताखाली केशभूषेच्या खोलीत होते. गंगावनं, म्हणजे वेणीत घालायचे उसने केस, धुवायची, वाळवायची, विंचरून खुंटीला लावायची, हे माझं काम. शाळा सातवीत सुटलेली, पण वाचनाचं वेड असं की वाण्याकडून आलेल्या पुडीचा कागदही मी वाचल्याशिवाय टाकत नसे. आक्काला अक्षरओळख नव्हती. म्हणून तिचे संवाद मी वाचून दाखवायचे. ती आरशासमोर पाटावर बसलेली, मी मागं उभी राहून तिच्या वेणीत गंगावन गुंफतेय, आणि गुंफता गुंफता एकेक वाक्य म्हणतेय. ती माझ्यामागनं म्हणायची. वेणी पुरी होईस्तोवर सीन पाठ. कुठं थांबायचं, कुठं दम घ्यायचा, सगळं आम्ही दोघींनी मिळून बसवलेलं असायचं.

तिचा आवाज मात्र घोगरा होता. भरदार, शेताच्या बांधावरून बांधावर जाईल असा. मला तो फार आवडायचा. निर्मात्याला आवडला नाही.

तिचा पहिलाच मोठा सिनेमा पुरा झाला आणि ठरलं की आवाज दुसरीचा घालायचा. पुण्याहून एक बाई येणार होत्या. त्या आजारी पडल्या, आल्याच नाहीत. तारीख तर गळ्याशी आलेली. तेव्हा रेकॉर्डिस्टला मी आठवले. वेणी घालताना मी वाक्यं म्हणायची ती त्यानं जाता-येता ऐकली होती. म्हणाला, "ही पोरगी बोलू दे. आक्काच्या ओठांचं टायमिंग हिला जेवढं ठाऊक आहे तेवढं पुण्यातल्या कुणाला असायचं नाही."

मी सतरा वर्षांची होते. मला एका खोलीत नेलं, भिंतींना जाड गोधड्या लावलेल्या. पंख्याचा आवाज येतो म्हणून पंखा बंद. फिल्मचा तुकडा गोल जोडून परत परत फिरवत होते. समोर आक्काचं तोंड हलायचं, आवाज नाही, आणि त्या हलणाऱ्या तोंडात मी बोलायचं. तीन दिवस मी बोलले. निघताना त्यांनी मला एक जरीकाठी साडी दिली आणि बजावलं, "कुणाला सांगायचं नाही. पुण्याची बाई होती म्हणायचं."

मी तेच म्हटलं. आक्काला म्हटलं.

पुढं तो सिनेमा आक्काच्या गावच्या जत्रेत तंबूत लागला. आक्का आई-बापाला, भावकीला घेऊन पुढं जाऊन बसली. पडद्यावर ती आली तशा लोकांनी शिट्ट्या मारल्या, आणि तिनं तोंड उघडलं तसा सगळा तंबू गप्प झाला. मग मागनं कुणीतरी ओरडलं, "आगं, तुझ्या तोंडात कोण बसलंय?" आणि जो हशा झाला! तिचा बाप मध्येच उठला, खाली अंथरलेलं घोंगडं झटकून खांद्यावर टाकलं आणि चालायला लागला. घरी गेल्यावर लेकीला एवढंच म्हणाला, "मी तुला बघाय आलतो. ही कोण दुसरीच बोलतीया."

बाप पुढच्याच वर्षी गेला. आक्कानं एक-दोन बिनबोलाची कामं केली आणि सिनेमा सोडला. कोल्हापुरातच लग्न करून दिली, म्हशींचा गोठा असलेलं घर. पन्नास वर्षं तिनं दूध काढलं, शेणी थापल्या, पोरं वाढवली, आणि पन्नास वर्षं महिन्या-दोन महिन्यांनी फक्त माझ्यासमोर बसून त्या पुण्याच्या बाईला शिव्या दिल्या. "त्या भवानीनं माझा बाप उठीवला तंबूतनं." मी चहात साखर ढवळत राहायची. आज सांगू, उद्या सांगू. एक वर्ष गेलं की सांगणं एक वर्षानं अवघड होतं बघा. ह्या सिनेमांच्या थोडं आधी डॉक्टरांनी तिच्या मुलाला सांगितलं की आईचं हृदय दमलंय, आता जपा. ते मला कळलं तेव्हापासून माझ्या पोटात एकच, हिला सांगायचं राहिलंय.

तर आम्ही सिनेमाला गेलो. रिक्षात मी तिला सरांनी दिलेला कागद वाचून दाखवायची. सिनेमाखाली इंग्रजी अक्षरं यायची, ती काही मला भराभर वाचता येत नव्हती, आक्काला तर कुठलंच अक्षर कळत नव्हतं. म्हणून सर रोज गोष्ट मराठीत लिहून देत. पहिल्या दिवशीचा सिनेमा डेन्मार्कचाच होता. नटी अगदी पोरगेली, बंदरावर मासळीच्या टोपल्या उचलते. दोनच सीन. आक्का म्हणाली, "हिला बी कुणीतरी हाताला धरूनच आणली असंल."

दुसऱ्या दिवशी ती फ्रान्सला गेलेली. सरांनी आधी उभं राहून सांगितलं की ही पोरगी पॅरिसला आली तेव्हा तिला तिथली भाषा येत नव्हती. वाक्यं कानानं ऐकून पाठ करायची, अर्थ मागनं कळायचा. सिनेमात ती धोब्याच्या दुकानात इस्त्री करते आणि एका माणसाची वाट बघते. अडखळत बोलायची, पण ते अडखळणंच गोड होतं. आक्कानं माझ्या मांडीवर चापट मारली. "आगं मास्तरीण, ही माझ्यागतच पाठ करतीया. हिची वेणी कोण घालत हुतं गं?" मास्तरीण म्हणजे मी. तिनंच पाडलेलं नाव.

मी हसले. दुसरं काय करणार?

तिसऱ्या दिवशी इटलीचा सिनेमा. त्यात ती मोठ्या घरची बाई झाली होती, अंगावर रेशमी झगे, पायऱ्यांवरून उतरतेय, नोकरांना हुकूम सोडतेय. पाचच मिनिटं झाली असतील. आक्का अंधारात ताठ बसली आणि मोठ्यानं म्हणाली, "हा आवाज तिचा न्हाय."

पुढच्या रांगेतले एक गृहस्थ मागं वळून म्हणाले, "आजी, हळू बोला."

"हळू काय? तोंड बघा की तिचं. तोंड एकीकडं आन् आवाज एकीकडं."

"तुम्हाला इटालियन कळतं?"

"मला म्हशीचं बी कळतं, पावणं. पुढं बघा."

सिनेमा संपला तसे सर धावत आमच्याकडं आले. त्यांचा चेहरा उजळला होता. म्हणाले, आजींचं खरं आहे. तिकडं त्या काळी आवाज मागाहून घालायची पद्धतच होती, आणि परदेशातून आलेल्या नटीच्या तोंडी तिथलीच कुणीतरी बाई बोलायची. ह्या नटीच्या नावावर इटलीत जे सिनेमे आहेत त्यात तिचा स्वतःचा आवाज जवळजवळ कुठंच नाही. लोक तिच्या अभिनयाची वाहवा करायचे, त्यात आवाजाचीही करायचे, आणि ती वाहवा दुसरीचीच. मग सरांनी विचारलं, "आजी, तुम्हाला कळलं कसं?"

आक्कानं सगळं सांगितलं. तंबू, हशा, बाप, घोंगडं. तिथं दहा-बारा माणसं उभी होती, कुणी चहा प्यायचं विसरलं होतं. आणि शेवटी ती म्हणाली, "सर, तुम्ही एवढं सगळ्या जगाचं शोधता. मला ती पुण्याची बाई शोधून द्या की. हयात असंल तर. मला भांडायचं न्हाय आता. एकच इचारायचंय."

"काय विचारायचंय?"

"माझं तोंड बगून बोलत हुतीस तवा तुला कसं वाटलं, एवढंच."

सर म्हणाले, "शोधतो." आणि ते शोधणारच, हे मला ठाऊक होतं. त्या माणसाला दुसरा उद्योग नाही.

चौथ्या दिवशीचा सिनेमा जर्मनीतला. युद्धात नवरा गेलेली बाई, एका इस्पितळात फरशी पुसते. नटी आता चाळिशीला आलेली, गालाखाली सावल्या. सर म्हणाले, इथून पुढं तिनं हट्ट धरला की माझ्या तोंडी मीच बोलणार, उच्चार वाकडे असले तरी. त्यामुळं कामं कमी झाली, पण जी झाली ती तिची झाली. आक्का त्या दिवशी नुसती ऐकत होती. मी सिनेमा बघितलाच नाही म्हणा ना. मी पडद्याच्या उजेडात तिचा चेहरा बघत होते आणि मनात वाक्य जुळवत होते. 'आक्का, एक सांगायचंय.' पुढचं वाक्य सुचायचं नाही. एवढे संवाद पाठ करवले मी तिच्याकडून, पण हा एक काही मला बसवता येईना.

पाचव्या दिवशी आम्ही लवकर पोचलो. हॉलच्या बाहेर सिमेंटचा बाक आहे, तिथं ऊन होतं. आक्काला धाप लागली होती म्हणून बसलो. सर आले ते हातात मोबाईल घेऊनच. "आजी, गंमत झाली! तुमच्या सिनेमाच्या रेकॉर्डिस्टचा मुलगा सापडला. वडील गेले, पण त्यांची कामाची वही मुलानं जपून ठेवलीय. कुणाचा आवाज कुणाला दिला, सगळं त्यात आहे म्हणे. आज रात्री तो बघून सांगतो. आणि तुमच्या सिनेमाचा एक तुकडाही त्याच्याकडं आहे, तोही पाठवणार."

आक्कानं सरांचे दोन्ही हात धरले. "लई उपकार झालं बगा."

सर आत गेले. इथं मी स्वतःची बाजू मांडणार नाही. ती वही नसती तर त्या दिवशीही मी बोलले नसते. भीतीनं बोलले, मोठेपणानं नाही. हे लिहून ठेवते.

म्हटलं, "आक्का, वही बघायला नको. ती बाई मीच."

"कुठली बाई?"

"तुझ्या सिनेमातली. पुण्याची बाई आलीच नव्हती. मला बोलायला लावलं."

ती माझ्याकडं बघत राहिली. बाकावर आमच्या मधोमध तिची पिशवी होती, पाण्याची बाटली आणि गोळ्यांची डबी घातलेली. तिनं ती पिशवी उचलून पलीकडं ठेवली. मला वाटलं मारते आता. मारली असती तर बरं झालं असतं.

"तंबूत मी बसलोतो तवा तू कुठं हुतीस?"

"घरी."

"तुला ठाव हुतं आज तिथं सिनेमा हाय?"

"होतं."

"आन् मी शिव्या देत हुतो तवा समोर बसून चा पीत हुतीस."

"हो."

हॉलमध्ये लोक जायला लागले होते. कुणी नमस्कार केला, तिनं मान हलवली. मग म्हणाली, "इचारायचं हुतं ते तर इचारलंच पायजे. आता तूच हाईस तर तूच सांग. कसं वाटलं?"

मी काहीही सांगू शकले असते. वाईट वाटलं, रडू आलं, तुझी आठवण आली. पन्नास वर्षं खोटं बोललेल्या बाईला आणखी एक काय जड होतं? पण ती ज्या तऱ्हेनं बघत होती ना, तिथं खोटं उभं राहिना.

म्हटलं, "आवडलं, आक्का. पहिल्या दिवशी भीती वाटली. दुसऱ्या दिवसापासून वाटायला लागलं, ती पडद्यावर आहे ती मीच. तुझे डोळे, तुझं कपाळ, सगळं माझं. मला कुणी आयुष्यात बघितलं नव्हतं गं तसं. तिसऱ्या दिवशी काम संपलं तर मला घरी जाववेना."

तिनं हळूच मान हलवली. एखाद्याचं दुखणं ऐकून घ्यावं तशी. मग बाकाची कड धरून उठली. मी हात पुढं केला तो तिनं घेतला नाही.

"तू हितंच बस," म्हणाली. "हा शेवटचा मी एकटीच बगतो."

मी बसले. दार लावलं गेलं. हॉलचं दार पातळ आहे, आतला आवाज बाहेर येतो. शेवटच्या सिनेमात ती नटी म्हातारी होऊन आपल्या देशात परत आलेली, समुद्राकाठच्या घरात एकटी राहते, असं कागदात लिहिलं होतं. तो कागद त्या दिवशी मी आक्काला वाचून दाखवायचा राहिला होता. माझ्याच हातात होता. म्हणजे आत ती नुसतं बघत असणार, गोष्ट न कळता. मी बाहेर नुसतं ऐकत होते. तिची भाषा मला काय कळणार, पण म्हाताऱ्या बाईचा आवाज होता, जाड, मध्येच चिरकणारा, आणि तो कुणीही बदललेला नव्हता. दीड तास मी तो ऐकला. ऊन गेलं, डास आले, तरी उठले नाही.

सिनेमा सुटला तेव्हा आक्काची सून स्कूटर घेऊन आली होती. आक्कानंच सरांच्या फोनवरून बोलावून घेतली असणार. सरांना आक्का म्हणाली, "त्या वहीचं ऱ्हाऊ द्या. गावली ती बाई." सर काहीतरी विचारायला गेले, पण ती स्कूटरवर बसली. निघताना माझ्याकडं बघून एवढंच म्हणाली, "रिक्षानं जा. अंधार पडला."

त्यानंतर मी दोनदा तिच्याकडं गेले. चहा दिला, माझ्या गुडघ्याची चौकशी केली, म्हैस गाभण आहे म्हणाली. पाहुण्याशी बोलतात तसं. मी विषय काढला की सुनेला हाक मारायची. तिनं माफ केलं का, हे मला विचारता आलं नाही आणि तिनं सांगितलं नाही. शिव्या द्यायला तिच्याकडं एक बाई होती, तीही मी काढून घेतली, असं मला राहून राहून वाटायचं. तिसऱ्यांदा जायच्या आतच तिच्या मुलाचा पहाटे फोन आला.

तेराव्याला गेले. घर भरलेलं होतं, जेवणं आटोपत होती. सरांनी तो तुकडा आक्काच्या मुलाला पाठवला होता, श्रद्धांजली म्हणून. त्यात कोण बोलतंय, हे सरांना काय माहीत! मुलानं तो टीव्हीवर लावला होता. विहिरीच्या काठावर आक्का, एकवीस वर्षांची, पाठीवर मी गुंफलेली वेणी, आणि तोंडी माझा आवाज: "थांबा म्हणायचा हक्क तरी कुठं आहे मला?"

घरातली पोरं खाली बसून बघत होती. आक्काची नात, कॉलेजात जाणारी, डोळे पुसत म्हणाली, "आजीचा आवाज किती गोड होता ना."

ह्या वेळी मी उशीर केला नाही. सगळ्यांच्या देखत म्हटलं, "बाळ, तो आवाज आजीचा नाही. माझा आहे." आणि थोडक्यात सांगून टाकलं.

सुनेनं फोन काढला, आईंच्या आवाजातला एखादा मेसेज असेल का बघते म्हणाली. बोटानं वर-खाली करत राहिली. दिवाळीत फोन बदलला होता, जुनं सगळं गेलेलं. लग्नाच्या व्हिडिओत बँडचाच आवाज. मुलगा आठवून म्हणाला, "आई कधी फोनात आवाज भरून धाडतच न्हवती वो. गोठ्यातनं हाक मारायची." मग टीव्हीकडं बघत म्हणाला, "मावशी, आमच्याकडं तिचं दुसरं काय बी न्हाय. हे ऱ्हाऊ दे की. बरं वाटतंय."

तेवढ्यात नेसरीहून तिच्या माहेरची माणसं आली. मुलानं त्यांच्यासाठी तुकडा पहिल्यापासून लावला. एक म्हातारी, आक्काची चुलत बहीण, काठी टेकत टीव्हीच्या अगदी जवळ गेली, कान पुढं करून ऐकलं, आणि पदरात तोंड घालून रडायला लागली. "व्हय गं बाई. आमची आक्काच. अशीच बोलायची."

सगळे माझ्याकडं बघत होते. मी सरकले आणि तिला बसायला जागा दिली.